शिंपीणबाईंच्या जागेवरचा हात

१

मेलेल्या बाईचा हात ओला होता.

घाबरायचं कारण नाही, रक्तबिक्त काही नव्हतं. हात प्लास्टरचा होता, पांढराफटक, फळीवर मनगटावर उभा केलेला. पण प्लास्टर एकदा वाळलं की खडूसारखं कोरडं होतं, आणि हा हात बोट लावलं की गार, दमट लागत होता. म्हणजे नुकता ओतलेला. फळीवर त्याच्यासमोर ज्यांच्या नावाची चिठ्ठी चिकटवलेली होती त्या शिंपीणबाई थंडीतच छातीच्या दुखण्यानं गेल्या होत्या, आणि आता तर उन्हं तापायला लागली होती.

"तुम्ही लावा हात," हातवाली म्हणाली. "मी एकदा लावला, तेवढं बस झालं."

हातवाली म्हणजे दवाखान्यातल्या हातांच्या खोलीची बाई. सांधेवातानं ज्यांची बोटं वाकडी होतात त्यांचे हात शेकायचे, त्यांच्याकडून व्यायाम करून घ्यायचा, आणि झोपेत बोटं सरळ राहावीत म्हणून मापाच्या पट्ट्या बनवायच्या, हे तिचं काम. पट्टीसाठी आधी हाताचा साचा घ्यायचा, त्यात प्लास्टर ओतायचं, आणि त्या पांढऱ्या हातावर पट्टी बेतायची. असे हात खिडकीखालच्या फळीवर ओळीनं उभे असत. नवा माणूस खोलीत शिरला की दोन पावलं मागे सरायचा. हातवालीला मात्र त्यांची इतकी सवय झाली होती की फळी पुसताना ती त्यांच्याशी गप्पा मारायची. आज ती गप्प होती.

तिनं जिला वर बोलावून आणलं होतं ती कुठलाबाई. हे काही तिचं खरं नाव नव्हे. तळघरात बसून प्रत्येक फाइलीतलं दुखणं वाचायचं आणि त्याचा ठरलेला कोड संगणकात टाकायचा, ही तिची नोकरी. हाताच्या सांधेवाताच्या कोडचा शेवटचा आकडा हात कुठला ते सांगतो. उजव्याला एक, डाव्याला दोन, आणि डॉक्टरांनी लिहिलंच नसेल तर नऊ. या बाईला नऊचा मनस्वी तिटकारा. डॉक्टर घाईत हात लिहायचे विसरले की ती फाइलीला चिठ्ठी लावून परत पाठवायची, "कुठला हात?" वर्षानुवर्षं पाठवत राहिली, तेव्हा नाव पडणारच की.

कुठलाबाईनं हाताला हात लावला. प्लास्टरवर कातडीच्या बारीक रेघासुद्धा उमटल्या होत्या, नखं दिसत होती. हात उजवा, लहानखुरा, बोटांची मुळं सुजलेली, चारही बोटं थोडी करंगळीकडे कललेली. अंगठा आत वळलेला होता, चिमटीत काहीतरी धरल्यासारखा.

"सुई धरलीय बघा," हातवाली कुजबुजली. "त्यांचा जुना हात त्यांच्या लेकीनं मागून नेला होता. जागा मी रिकामी ठेवली, चिठ्ठी काढवेना. काल निघाले तेव्हा इथं काही नव्हतं. दाराला कुलूप होतं."

"किल्ली कोणाकडे?"

"माझ्याकडे आणि प्लास्टरकाकांकडे."

तेवढ्यात दारात मोठे डॉक्टर आले. हातांच्या शस्त्रक्रिया तेच करायचे, आणि लांबलांबून लोक त्यांच्याकडे यायचे. माणूस हसरा. हात मात्र इतके नाजूक की त्यांना सगळ्यात लहान मापाचे हातमोजे लागायचे, आणि नर्सा त्यावरून त्यांना चिडवायच्या. आज दोन्ही हात कोटाच्या खिशात घालून ते फळीकडे बघत राहिले.

"शिंपीणबाईंचाच आहे हा," ते म्हणाले. "जुना असेल कुठेतरी पडलेला. फळी पुसताना पाणी लागलं असेल. हे बघा, ही गोष्ट पेशंटच्या कानावर गेली तर उद्यापासून खोलीत कुत्रं फिरकणार नाही. तुम्ही आठवडाभर रजा घ्या. दमलाय तुम्ही."

हातवालीचा चेहरा पडला. तिचाच नव्हे, कुठलाबाईचाही. कारण गुरुवारी तिच्या थोरल्या बहिणीच्या उजव्या हाताची शस्त्रक्रिया होती. डॉक्टर कापणार आणि नंतर महिनोन्महिने तो हात हातवाली सांभाळणार, असा बेत होता. हातवालीच गेली तर नुसतं कापून काय उपयोग?

डॉक्टर गेले. हातवालीनं त्या प्लास्टरच्या हातावर टॉवेल टाकला, आणि शेकायच्या मेणाच्या भांड्याकडे वळून ती थबकली.

"कुठलाबाई," ती म्हणाली, "हे भांडं मी काल बंद केलं होतं."

भांड्यातलं मेण पातळ होतं, आणि त्याच्यावरून वाफ निघत होती.

२

या मेणाची गंमत अशी. ते विजेवर वितळतं आणि वितळायला बराच वेळ घेतं. दुखरा हात त्यात बुडवायचा, काढायचा, परत बुडवायचा. हातावर मेणाचा जाड थर चढतो, ऊब आत मुरते, आखडलेले सांधे सैल होतात. मग तो थर सोलून काढायचा. सकाळी सगळ्यात आधी येऊन बसायच्या त्या शिंपीणबाईच. मेण त्यांच्या फार आवडीचं.

कुठलाबाईचा भुताखेतांवर विश्वास नव्हता. पण विश्वास नसला म्हणून भीती वाटत नाही असं थोडंच आहे? तिनं खोलीत इकडेतिकडे पाहिलं आणि कचऱ्याची टोपली उलटी केली. कागदाच्या बोळ्यांखालून एक हात बाहेर पडला.

मेणाचा होता तो. सोलून टाकलेला, आतून पोकळ, पाचही बोटं शाबूत. लहानखुरा. उजेडात धरला तर आरपार दिसत होता.

"भुताला सांधेवात असतो का गं?" कुठलाबाईनं विचारलं. हातवालीला हसू आलं नाही, आणि खरं म्हणजे विचारणारीलाही आलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी घरी ती ताईची वेणी घालत होती. ताई शाळेत चित्रकला शिकवायची. आता खडू धरता येत नाही म्हणून घरी बसली होती. उजव्या हाताच्या दोन बोटांना उचलून धरणाऱ्या, दोरीसारख्या शिरा तुटलेल्या, ती बोटं उचललीच जात नव्हती.

"हळू ओढ गं," ताई म्हणाली. "बोटं बरी झाली की पहिल्यांदा माझी वेणी मी घालणार आहे. तुझ्या हातात माझं टक्कल व्हायची वेळ आली."

"घाल बाई. सुटेन मी."

ताईनं दोन्ही हात कोमट पाण्याच्या भांड्यात बुडवून ठेवले होते. रोज सकाळी हा सोपस्कार करावाच लागे. "सकाळी हे हात माझे नसतातच बघ," ती म्हणाली. "लाकडाचे असतात. दुपारपर्यंत कुठे माझे होतात." मग थोड्या वेळानं म्हणाली, "गुरुवारची वेळ दुपारची दिलीय. डॉक्टर हल्ली सकाळी कापतच नाहीत म्हणे."

"वय झालं. उठवत नसेल."

"आणि परवा तपासलं तेही लांबूनच. पूर्वी एकेक सांधा स्वतः दाबून बघायचे. या वेळी मलाच म्हणाले, तुम्ही हलवून दाखवा."

कुठलाबाईनं वेणीला गाठ मारली आणि ती कामावर गेली. रजेआधीची आवराआवर करायला आलेली हातवाली हातांच्या खोलीत भिंतीला टेकून उभी होती. फळीवर टॉवेल नीट घडी करून ठेवला होता.

हात नाहीसा झाला होता.

३

आता कुलूप न तोडता जो येतो-जातो तो एकतर भूत, नाहीतर किल्लीवाला. कुठलाबाई किल्लीवाल्याकडे गेली.

प्लास्टरकाका दवाखान्याच्या आवारातच राहायचे. मोडलेली हाडं बांधून बांधून त्यांच्या नखांत कायमचा चुना बसलेला. हात म्हणजे फावडी. ते बादली घासत होते आणि तिला बघून आणखी जोरात घासू लागले.

"काका, फळीवरचा हात तुम्ही ओतलात?"

"कुठला हात?"

"हा प्रश्न माझा आहे."

काकांच्या मिशीखाली हसू आलं आणि लगेच विझलं. "गेलेल्या माणसाचा साचा मी कसा घेणार, बाई? जिवंत हात लागतो त्याला."

"म्हणजे कोणा जिवंताचा घेतलात."

काकांनी बादली पालथी घातली. "तरुणपणी यंत्रात माझा पंजा गेला होता," ते म्हणाले. "तीन बोटं लोंबत होती. डॉक्टरांनी दिवसभर उभं राहून एकेक शीर जोडली. या हातानं मी पोरं वाढवली. मला काही विचारू नका. मी खोटं बोलेन, आणि तुम्हाला ते कळेल."

कुठलाबाईला वाटलं, सापडला चोर. हातवालीला घालवून खोली आपल्या ताब्यात घ्यायची असेल काकांना. डॉक्टरांच्या उपकाराची गोष्ट म्हणजे तोंड चुकवायची सबब. तसं तिनं हातवालीला सांगितलंसुद्धा.

"काका?" हातवाली म्हणाली. "अहो, माझ्या पट्ट्यांचे कोपरे ते स्वतः घासून देतात, कोणाला टोचू नयेत म्हणून. आणि मेणात हात कोणी घातला? काकांचा पंजा त्या भांड्यात मावायचा नाही."

खरंच की. मेणाचा तो पोकळ हात कुठलाबाईच्या स्वतःच्या हाताला घट्ट झाला असता. मग राहिली एकच. शिंपीणबाईंची लेक. आई गेली तेव्हा तिनं दवाखान्यात येऊन आकांत केला होता. आईचा जुना हात तिच्याच घरी होता, आणि आईसारखा लहानखुरा हात लेकीचाही असू शकतो.

४

लेकीचं दुकान अरुंद होतं, दोन शिलाई यंत्रं आणि कापडाचे ढीग. मधोमध काचेच्या कपाटात आईचा प्लास्टरचा हात ठेवला होता. त्याच्या बोटांत तिनं दोऱ्याचं रीळ अडकवलं होतं. कुठलाबाईनं आधी लेकीचे हात पाहिले. लांब, सडपातळ, सरळ.

"मी कशाला असलं काही करू?" लेक म्हणाली. तिला राग आला नव्हता, उलट डोळे भरून आले होते. "तेव्हा ओरडले, कारण ओरडायला दुसरं कोणी नव्हतं. त्या हातवाल्या बाईंनी आईला शेवटपर्यंत हसत ठेवलं. पण तो हात आईचा कशावरून म्हणता?"

"तिच्या जागेवर होता. बोटं तशीच कललेली. आणि अंगठा असा वळलेला, सुई धरल्यासारखा." कुठलाबाईनं स्वतःचा अंगठा आत वळवून दाखवला.

लेकीनं मान हलवली.

"आईचा अंगठा वळायचा नाही," ती म्हणाली. "तो सांधा फार दुखायचा म्हणून डॉक्टरांनी कायमचा जखडून टाकला होता. काठीसारखा सरळ. ती सुई पहिल्या दोन बोटांत धरायची, अशी. हा बघा ना."

कपाटातल्या हाताचा अंगठा खरोखरच काठीसारखा सरळ होता.

कुठलाबाई तिथल्या स्टुलावर बसली. तो जखडलेला सांधा तिनं स्वतः कोडात टाकला होता. उजवा हात, अंगठा, सांधा जखडला. टाकला आणि विसरली, कारण कोड टाकताना तिनं कधी हात पाहिलाच नव्हता. तिच्यासाठी शिंपीणबाई म्हणजे एक ओळ होती. बरं, ती विसरली हे ठीक. हातवालीनं घाबरून नीट पाहिलंच नाही, हेही ठीक.

पण ज्यानं तो अंगठा आपल्या हातानं जखडला, तो माणूस फळीसमोर उभा राहून म्हणाला होता, शिंपीणबाईंचाच आहे हा.

सगळ्यात लहान मापाचे हातमोजे. कोटाच्या खिशातले हात. सकाळी कापत नाहीत. लांबूनच तपासतात. सकाळी हे हात माझे नसतातच बघ.

"पाणी देऊ का?" लेकीनं विचारलं. "तुमचा चेहरा कसा झालाय."

"गुरुवार आहे गं," कुठलाबाई म्हणाली, आणि लेकीला त्यातलं काही कळलं नाही. "उद्या गुरुवार आहे."

५

उजाडता उजाडता ती हातांच्या खोलीशी पोचली. दार लोटलेलं होतं. आतून आवाज येत होता. काहीतरी दाट पदार्थात बुडतंय, वर येतंय, थेंब पडतायत, परत बुडतंय. शिंपीणबाईंच्या खुर्चीत कोणीतरी पाठमोरं बसलं होतं, आणि खिडकीतल्या करड्या उजेडात फळीवरचे हात त्या आकृतीकडे बघत उभे होते. कुठलाबाई दारातच थांबली. सगळं ठाऊक असूनही तिला क्षणभर वाटलं की खुर्चीतलं माणूस वळेल आणि त्या शिंपीणबाई असतील.

"या," डॉक्टर न वळता म्हणाले. "तुमच्या चपलांचा आवाज ओळखतो मी. चिठ्ठी घेऊन आलात की काय?"

ती समोर जाऊन बसली. त्यांचे दोन्ही हात मेणात होते. चेहरा झोप न झालेल्या माणसाचा.

"काकांना बोलू नका," ते म्हणाले. "रात्री भांडं ते लावून ठेवतात, कारण मी सांगतो. साचाही त्यांनीच घेतला. पट्टी बेतायची तर हात वाळायला हवा. शंभर हातांत एक हात कोणाला दिसणार, म्हणून त्यांनी फळीवर रिकामी जागा बघून ठेवला. चिठ्ठी वाचायला चष्मा नव्हता त्यांच्याजवळ. एवढीच चूक झाली. बोभाटा झाल्यावर त्यांनीच तो रात्री उचलून नेला."

"किती दिवस चाललंय हे?"

"दोन वर्षं होतील."

"आणि औषध?"

ते हसले, पण ते हसणं बघवत नव्हतं. "औषध घ्यायचं तर तपासणी आली. तपासणी आली की फाइल आली. आणि फाइल झाली की ती शेवटी कोणाच्या टेबलावर येते?"

"माझ्या," कुठलाबाई म्हणाली.

"रोज पेशंटना सांगतो मी," ते म्हणाले, "पहिल्या काही महिन्यांत औषध सुरू करा, बोटं वाचतील, मागून येऊन उपयोग नाही. मला पाठ आहे ते. पण हा कोड एकदा माझ्या नावापुढे लागला की माझ्या हातात सुरी कोण देईल? आणि सुरी नसेल तर मी कोण, सांगा बरं?"

"हातवालीला रजेवर धाडलंत."

"ती हातांची माणूस आहे. चार दिवसांत तिनं ओळखलं असतं." त्यांनी मान खाली घातली. "वाईट केलं मी ते."

कुठलाबाईला त्यांची कीव आली आणि रागही आला, दोन्ही एकदम. "डॉक्टर, आज माझ्या बहिणीचा हात आहे."

"दुपारी माझे हात चांगले असतात. तुम्हाला वाटतं तसं नाही. दुपारी मी अजून—"

तिनं केसातली पिन काढली आणि टेबलावर ठेवली. साधी, काळी, बारीक पिन. डॉक्टर प्रत्येक पेशंटची हीच परीक्षा घ्यायचे. टेबलावर पिन ठेवायची आणि म्हणायचं, उचला बरं.

"ताईची आहे," ती म्हणाली. "तिच्या हातातल्या शिरा शिवायचा दोरा याहून बारीक असेल. उचला."

डॉक्टरांनी उजवा हात मेणातून काढला, थर सोलला. हात लाल झाला होता आणि त्याच्यावरून वाफ निघत होती. ते पिनेकडे बघत राहिले. बोटं थोडी पुढे आली, आणि तिथंच थांबली. बाहेर झाडूचा आवाज सुरू झाला, कुठेतरी ट्रॉलीची चाकं वाजली. पिन टेबलावरच होती.

"दुपारपर्यंत थांबलात," ते शेवटी अगदी हळू म्हणाले, "तर उचलेन."

"आणि मध्येच दुपार संपली तर?"

त्यांनी हात मांडीवर ठेवला. मग म्हणाले, "माझ्या हाताखाली तयार झालेल्या धाकट्या डॉक्टरीणबाईंना बोलवा. मीच सांगतो त्यांना."

६

ताईचा हात धाकट्या डॉक्टरीणबाईंनी केला. मोठे डॉक्टर हात पाठीमागे बांधून शेजारी उभे होते, आणि शीर कुठे दडून बसते, कुठून हळू ओढायची, हे शेवटपर्यंत सांगत होते. आतल्या नर्सनं नंतर सांगितलं की त्यांचा आवाज एकदाही हलला नाही. हातवाली त्याच दिवशी परत आली. तिनं काकांशी दोन दिवस अबोला धरला आणि तिसऱ्या दिवशी त्यांना चष्मा आणून दिला.

ताई अजून पट्टीत आहे. वेणी अजून कुठलाबाईच घालते. पण परवा ताईनं तुटलेल्या शिरेचं बोट उचलून तिच्या नाकावर टेकवलं, आणि दोघी बहिणी आरशासमोर बसून खूप रडल्या.

त्याच आठवड्यात तळघरात एक नवी फाइल आली. कुठलाबाईनं नाव वाचलं आणि खुर्ची सरळ करून बसली. सांधेवात, तपासणी झाली, औषध सुरू केलं. हे इतर कोणी लिहिलेलं नव्हतं. डॉक्टरांनी स्वतः लिहिलं होतं, मोठ्या, वाकड्या अक्षरांत, एकेक अक्षर जपून. सगळं आयुष्य हात लिहायला विसरलेल्या माणसानं शेवटच्या ओळीत हात लिहिला होता, आणि खाली रेघ मारली होती, तिला चिठ्ठी लावायला लागू नये म्हणून.

"दोन्ही."

फळीवर एकच हात होता. उजवा. तिनं कधी दुसऱ्याचा विचारच केला नव्हता. मेणात दोन हात बुडलेले डोळ्यांनी पाहिले होते, तरीही.

दोन्हीसाठी वेगळा कोड नसतो. तिनं उजव्याचा टाकला, आणि मग डाव्याचा टाकला.